सोंगाड्याचा दिवस

1957 चा चैत्र. धुळ्यात पांझरेकाठी एकवीरा देवीची यात्रा भरली आहे. त्यातल्या एका तमाशा फडाचा सोंगाड्या. त्याचं नाव देत नाही. असे सोंगाडे तेव्हा फडाफडांत होते आणि त्यांचा दिवस बहुधा असाच जायचा.

पहाटे 5
पारोळ्याहून आलेल्या बैलगाड्या सुटतात. ट्रंका, बांबू, कनाती, ढोलकी. हमाल वेगळा नाही. उतरवायचं सगळ्यांनी.

सकाळी 8
खुंटा धरायचा, वर घण. जमीन कडक आहे. दोन खुंटे फाटतात. हातांना फोड येतात, त्यावर खोबरेल. तेच तेल रात्री तोंडाला.

दुपारी 12
कळण्याची भाकरी, ठेचा, कांदा. हंगामाची उचल घरी कधीच संपली आहे. गाडीखाली सावलीत झोप.

दुपारी 4
तिकिटाच्या खिडकीवर भांडण. नये पैसे चालू होऊन पंधरा दिवस झालेत. तिकीट पावलीचं, चार आण्यांचं धरा, म्हणजे 25 नये पैसे. एकजण 24 मोजून देतो. सरकारी हिशेबानं चवलीचे, म्हणजे दोन आण्यांचे 12, मग दोन चवल्यांचे 24च की! तिकीटवाला ऐकत नाही. सोंगाड्या मात्र कान देऊन उभा आहे.

संध्याकाळी 7
बत्तीला पंप मारायचा, मेंटल जपायचं. हलगी गवताच्या जाळावर शेकायची. फुटक्या आरशात बघून सफेदा, काजळ. मुंबईच्या खेर सरकारनं 1948 साली तमाशावर बंदी घातली होती. ती उठली, पण अटींवर. म्हणून मालक पुन्हा बजावतो, "बोलताना सांभाळून रे."

रात्री 10
गण झाला. गवळणीत हा कृष्णाचा सवंगडी पेंद्या. गवळणींच्या मावशीकडे दूध मागतो, दोन चवल्या पुढे करतो. मावशी पावली मागते. तो बोटांवर मोजतो. बारा न् बारा चोवीस. पुन्हा मोजतो. मग प्रेक्षकांकडे वळून अहिराणीत, "काय व्हयनं भो? मना एक पैसा कोठे गया?" कनात हादरते. दुपारचा तो गडी पुढेच बसलाय, तोही हसतो. हे कुठल्या वहीत लिहिलेलं नव्हतं. दौलतजादा, म्हणजे खुशीचे पैसे, मात्र नाचणारीला. मला हे कायम खटकत आलं आहे. पहाटेपर्यंत माणसं जागी ठेवायची ती यानंच.

रात्री 1
वग. आता हा राजाचा नोकर. मार खायचा, पडायचं, उठायचं. गुडघा खरोखरच सोलतो.

पहाटे 5
वग संपतो. तोंड धुऊन पुन्हा कनातीचे दोर ताणायचे. यात्रा आटोपली की पुढचं गाव. अक्षय्य तृतीयेनंतर हंगाम सरत येतो, पावसाळ्यात फड बंद. तेव्हा सोंगाड्या दुसऱ्याच्या शेतात निंदणीला जातो. फड पुन्हा उभा राहतो तो दसऱ्याला.