दिवस किती भरले?

पावसाळ्यात पर्लकोटा नदी फुगली की पुलावरून पाणी जातं आणि गडचिरोली जिल्ह्यातल्या भामरागडचा आलापल्लीकडचा रस्ता तुटतो. इंद्रावती, पामुलगौतम आणि पर्लकोटा तिथेच एकमेकींना मिळतात. त्यामुळे एकीला पूर आला की दुसरीचं पाणी मागे तुंबतं. अलीकडे तीनेक किलोमीटरवर हेमलकसा. या भागात पावसाळ्याआधी गरोदर बायांच्या याद्या निघतात. पाण्याच्या दिवसांत कुणाचे दिवस भरणार, कुणाला आधीच नदीच्या अलीकडे आणून ठेवायचं, हे त्या याद्यांवरून ठरतं. आदिवासी भागातल्या आरोग्य केंद्रांजवळ ‘माहेरघर’ असतं. बाळंतपणाच्या काही दिवस आधी बाई तिथे येऊन राहते. सोबत एखादं लहान मूल असतं, एखादी नातेवाईक असते. हा सगळा डोलारा एका तारखेवर उभा आहे. तारीख अलीकडची धरली, तर बाई वाट बघून कंटाळते आणि घरची, शेताची काळजी लागून परत निघते. पलीकडची धरली, तर कळा जंगलातच सुरू होतात.

ही तारीख काढण्याचं गणित दोनशे वर्षं जुनं आहे. हायडेलबर्गचे प्रसूतितज्ज्ञ फ्रांत्स नेगेले (१७७८–१८५१) यांच्या नावाने ते ओळखलं जातं. शेवटच्या पाळीचा पहिला दिवस घ्यायचा, त्यात नऊ महिने आणि सात दिवस मिळवायचे. हे २८० दिवस, म्हणजे ४० आठवडे होतात. आपल्या आज्या ‘नऊ महिने नऊ दिवस’ म्हणायच्या, त्याही फार लांब नव्हत्या. गर्भ मात्र पाळीनंतर साधारण दोन आठवड्यांनी राहतो, म्हणजे त्याचा खरा मुक्काम २६६ दिवसांचा. चांद्रमास साडेएकोणतीस दिवसांचा धरून नऊ चंद्र मोजले, तरी उत्तर तेवढंच येतं. कॅलेंडर नसलेल्या माणसांचा हिशोब कच्चा असतो, असं समजण्याचं कारण नाही. अडचण मोजण्यात नाही, मोजायला कुठून सुरुवात करायची त्यात आहे.

माडिया गावांत पाळीच्या दिवसांत बाईने घराबाहेर, कुरमा घरात राहायची प्रथा आहे. त्या कुडाच्या झोपडीतल्या हालांबद्दल पुष्कळ लिहून झालं आहे आणि ते योग्यच आहे. इथे मला दुसरी गोष्ट सांगायची आहे. शहरात जी बाब नवऱ्यालाही कधी कधी ठाऊक नसते, ती इथे सगळ्या गावाला दिसते. अमकी या महिन्यात कुरम्यात गेली नाही, हे शेजारणीला आपोआप कळतं. म्हणजे माहिती गावात असते, पण तारीख होऊन वहीत उतरत नाही. मग आशाताईला सणांचा आणि हंगामांचा आधार घ्यावा लागतो. मोह वेचायचे दिवस होते का? तेंदूपत्ता सुरू झाला होता का? पोळा होऊन गेला होता का? अशा प्रश्नांतून पंधरा दिवसांच्या फरकाने तारीख हाती लागते. अंगावर पिणारं मूल असताना, पाळी परत सुरू होण्याआधीच पुन्हा दिवस गेले असतील, तर मात्र शेवटची पाळी विचारण्यात अर्थच नाही. ती वर्षापूर्वीची असू शकते.

पुण्याच्या केईएम रुग्णालयाने १९९३ मध्ये जवळच्या सहा खेड्यांत माता-पोषणाचा अभ्यास सुरू केला, तेव्हा यावर एकच खात्रीचा उपाय निघाला. दिवस राहण्याआधीपासूनच दर महिन्याला घरी जाऊन पाळीची तारीख लिहून घ्यायची. संशोधनात ते जमतं, रोजच्या सरकारी कामात फार अवघड.

दुसरा मार्ग सोनोग्राफीचा. पहिल्या तीन महिन्यांत गर्भाची डोक्यापासून ढुंगणापर्यंतची लांबी मोजली, की वय पाच-सात दिवसांच्या फरकाने सांगता येतं. ग्लासगोच्या रॉबिन्सन आणि फ्लेमिंग यांनी १९७५ मध्ये ही मोजणी बसवून दिली. पुढे पुढे प्रत्येक गर्भाची वाढ आपापल्या वेगाने होते. आठव्या महिन्यात काढलेल्या सोनोग्राफीची तारीख दोन-तीन आठवड्यांनीही चुकते. जंगलातली बाई बहुधा तेव्हाच पहिल्यांदा तपासायला येते. गर्भलिंगनिदानविरोधी १९९४ च्या कायद्यामुळे सोनोग्राफीचं यंत्र उचलून कोणत्याही पाड्यावर नेता येत नाही. कायद्याची गरज मान्य आहे, पण त्याची किंमत इथे अशी मोजावी लागते.

तर मग बाळ जन्मतं आणि ते किती आठवड्यांचं आहे हे कुणालाच माहीत नसतं. अशा वेळी बाळालाच विचारायचं.

व्हिक्टर आणि लिली दुबोविट्झ या दांपत्याने १९७० मध्ये बाळाच्या अंगावरच्या आणि हालचालींतल्या खुणांना गुण देण्याची पद्धत मांडली. ती लांबलचक होती. जीन बॅलार्ड यांनी १९७९ मध्ये ती बारा खुणांवर आणली आणि १९९१ मध्ये अगदी अपुऱ्या बाळांसाठी सुधारली. सहा खुणा बघायच्या, सहा करून बघायच्या. एकूण गुण ४० आले तर ४० आठवडे. त्याखाली दर पाच गुणांना दोन आठवडे कमी होतात.

यंत्र लागत नाही, उजेड आणि हात पुरतात. तळपाय बघा. फार लवकर आलेल्या बाळाचा तळवा गुळगुळीत असतो. आधी बोटांच्या बाजूला आडवी रेघ उमटते, मग रेघा टाचेकडे सरकतात आणि पूर्ण दिवसांच्या बाळाचा सगळा तळवा सुरकुतलेला असतो. हे जन्मल्यावर लगेच बघायचं, कारण त्वचा वाळली की नसलेल्या रेघाही दिसू लागतात. कान दुमडून सोडा. कूर्चा तयार झालेली असेल तर तो झटकन सरळ होतो, नसेल तर तसाच पडून राहतो. स्तनाग्राखालची गाठ चिमटीत धरा. ती पूर्ण दिवसांच्या बाळात पाच ते दहा मिलिमीटर भरते, कोवळ्या बाळात हाताला लागतही नाही. पाठीवरची लव, त्वचेखालून दिसणाऱ्या शिरा, मुलग्याच्या अंडकोषाच्या वळ्या यांचेही गुण असतात.

मग हालचाली. हात धरून मानेवरून पलीकडच्या खांद्याकडे न्यायचा. भरल्या दिवसांच्या बाळाचं कोपर छातीच्या मध्यापर्यंत येत नाही, अपुऱ्याचं सहज ओलांडून जातं. पाय उचलून टाच कानाकडे न्यायची. अपुऱ्या बाळाची ती पोचते. स्नायूंचा ताण पायांकडून वर चढत जातो, म्हणून बत्तिसाव्या आठवड्याच्या आसपासचं बाळ पाय थोडे दुमडून आणि हात सैल सोडून निजतं.

शिकलेल्या हाताला याला पाच-सात मिनिटं लागतात. तरी बॅलार्डचं उत्तर खऱ्या वयापासून जवळजवळ चार आठवडे इकडे-तिकडे असू शकतं. जन्मताना गुदमरलेलं बाळ लुळं पडतं आणि त्याचे गुण कमी होतात. पोटात उपासमार झालेल्या बाळाच्या अंगावर चरबीच नसते, मग छातीची गाठ कुठून भरणार? नेमकी अशी बाळं आपल्याकडे जास्त.

कारण लहान बाळ आणि लवकर आलेलं बाळ, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. याचा सर्वांत ठळक पुरावा याच जिल्ह्यातून आला. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने गडचिरोलीच्या ३९ गावांत १९९५–९६ मध्ये घरोघरी जाऊन ७६३ नवजात बाळांची नोंद ठेवली. अडीच किलोपेक्षा कमी वजनाची ४२ टक्के होती, दिवस न भरलेली फक्त सुमारे १० टक्के. म्हणजे बहुतेक लहानखुरी बाळं पूर्ण दिवसांची होती, त्यांना पोटात पोषण कमी पडलं होतं. पण लवकर आलेल्यांपैकी तिसरा हिस्सा महिन्याच्या आत दगावत होता. गावातल्याच आरोग्यदूत बायांनी ऊब, दूध, स्वच्छता आणि जंतुसंसर्गावरचा उपचार सांभाळल्यावर हे प्रमाण ३३ टक्क्यांवरून १० टक्क्यांवर आलं.

या बायांना कुणी ३७ आठवडे शिकवले नाहीत. पुढे हीच पद्धत २०११ पासून देशभरच्या आशांकडे गेली, तेव्हाही प्रशिक्षणात सांगितलं जातं ते असं: आठ महिने चौदा दिवसांआधी जन्मलेलं बाळ अपुऱ्या दिवसांचं, त्याच्याकडे जास्त फेऱ्या मारा. पाळीपासून आठ महिने चौदा दिवस मोजून पाहा, जवळजवळ ३७ आठवडेच होतात. मला हा नियम कुठल्याही गुणतक्त्यापेक्षा हुशार वाटतो. चौतीस आठवड्यांच्या आतलं बाळ चोखणं, गिळणं आणि श्वास यांचा मेळ नीट घालू शकत नाही, त्याला वाटी-चमच्याने पाजावं लागतं. ते करायला वय दिवसापर्यंत अचूक लागत नाही.

पण काही ठिकाणी लागतं, आणि अंदाज महागात पडतो. अकाली कळा आल्यावर आईला स्टिरॉइडचं इंजेक्शन दिलं, तर बाळाची फुप्फुसं लवकर तयार होतात, हे न्यूझीलंडच्या लिगिन्स आणि हॉवी यांनी १९७२ मध्ये दाखवलं. मग हे खेड्यापर्यंत का नेऊ नये? सहा देशांत एक मोठी चाचणी झाली. भारतातली दोन केंद्रं होती नागपूर आणि बेळगाव. जिथे पाळीची तारीख नव्हती, तिथे पोटाची उंची रंगीत टेपने मोजून महिने ठरवले. २०१५ मध्ये छापलेला निकाल धक्कादायक होता. ज्यांच्यासाठी औषध होतं, त्या सर्वांत लहान बाळांना फायदा झाला नाही, उलट एकूण नवजात मृत्यू हजारामागे साडेतीनने वाढले आणि आयांमध्येही जंतुसंसर्ग जास्त दिसला. इंजेक्शन मिळालेल्या बहुसंख्य बायांची बाळं मुळात लहान नव्हतीच. पुढे जागतिक आरोग्य संघटनेने भारतासह पाच देशांत, फक्त रुग्णालयांत आणि सोनोग्राफीने आठवडे पक्के करून तीच परीक्षा पुन्हा घेतली. २०२० चा निकाल उलटा आला. नवजात मृत्यू साडेतेवीस टक्क्यांवरून साडेएकोणीसच्या आसपास आले. औषध त्याच जातीचं. फरक सोयींचा होता आणि तारखेचाही.

सोनोग्राफी यंत्रांत भरलेली सूत्रं बरीचशी पाश्चात्त्य गर्भांवर बेतलेली आहेत, ही आणखी एक खोच. आयआयटी मद्रास आणि फरीदाबादच्या संशोधकांनी २०२४ मध्ये भारतीय गर्भवतींच्या मोजमापांवरून ‘गर्भिणी-जीए२’ नावाचं सूत्र मांडलं. उशिरा होणाऱ्या सोनोग्राफीतली चूक ते बरीच कमी करतं, असा त्यांचा दावा आहे. हेमलकशासारख्या ठिकाणी, जिथे १९७३ पासून लोक बिरादरी प्रकल्पाचा दवाखाना चालतो आणि बाया उशिराच पोचतात, तिथे अशाच सूत्राची गरज आहे.

आता बाळ वाचलं म्हणजे प्रश्न संपला असं नाही. ३४ आठवड्यांच्या आत किंवा दोन किलोच्या आत जन्मलेल्या बाळाच्या डोळ्यांचा पडदा महिन्याच्या आत तपासावा, असं भारतातलं धोरण आहे. फार कोवळ्या बाळाचा त्याहूनही लवकर. त्या पडद्यातल्या रक्तवाहिन्या वेड्यावाकड्या वाढल्या तर अंधत्व येतं, आणि उपचाराची मुदत काही दिवसांचीच असते. जिल्ह्याचं ठिकाण इथून पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास. सव्वादोन किलोचं, अंगावर पिणारं, वरून धडधाकट दिसणारं बाळ ३३ आठवड्यांचं की ३७, यावर तो प्रवास ठरतो. कागदावर तारीख नसेल, तर आईला ‘चला’ म्हणायचं की नाही, हे कुणीतरी बाळाच्या तळपायाकडे बघून ठरवायचं असतं.