टॉम डोनाह्यू : तबकड्यांचा संप

संप म्हटला की गिरणीचा भोंगा आठवतो. पण श्रोतेहो, तबकड्या लावणाऱ्यांनीही एकदा संप केला. सॅन फ्रान्सिस्कोचा टॉम डोनाह्यू (१९२८–१९७५) हा अगडबंब देहाचा, भरदार आवाजाचा निवेदक. तीच ती तीन मिनिटांची गाणी दिवसभर घोळविण्यास कंटाळून त्याने १९६५ साली चांगली नोकरी सोडली. एप्रिल १९६७ मध्ये डबघाईस आलेल्या केएमपीएक्स या एफएम केंद्रावर त्याने संध्याकाळची वेळ धरली. लॅरी मिलर तेथे रात्री असा कार्यक्रम आधीच करीत होता, हेही सांगितले पाहिजे. पद्धत साधी : कोणते गाणे, किती लांबीचे, हे निवेदकानेच ठरवायचे.

केंद्र चालू लागले, तशी मालकाशी खटके उडू लागले. १८ मार्च १९६८ रोजी मंडळी संपावर गेली. ग्रेटफुल डेडने संपकऱ्यांसाठी रस्त्यावर वाजविले. सुमारे दोन महिन्यांनी मेट्रोमीडिया कंपनीने त्यांना आपल्या केंद्रावर घेतले. तेच पुढे केसॅन. याला विजय म्हणावे काय? जुना मालक नमला नाही; यांनी मालकच बदलला. साच्यावरच्या कामगाराला ही सोय कुठली? त्याच्यामागून श्रोते येत नाहीत.

डोनाह्यू १९७५ साली वारला. १९८० साली मेट्रोमीडियानेच केसॅन कंट्री संगीताकडे वळविले.