चिलटाच्या अंगातले 6 लाख कोटी

केळी जरा जास्त पिकली की त्यांच्याभोवती चिलटं घिरट्या घालू लागतात. टाळी वाजवून मारायला जावं, तर हाताच्या वाऱ्यानेच निसटतात. (आंब्या-पेरूत अळ्या करणारी, शेतकऱ्याच्या शिव्या खाणारी फळमाशी वेगळी. ही ड्रॉसोफिला.) वजन साधारण 1 मिलिग्रॅम. 60 किलोच्या माणसाची तुला करायची, तर दुसऱ्या पारड्यात 6 कोटी चिलटं घालावी लागतील.

रक्त म्हणाल तर 1 मिलिलिटरचा जेमतेम दहा हजारावा भाग, तेही बिनरंगी. चहाचा चमचा भरायला 50 हजार चिलटं पिळावी लागतील.

आणि जन्म जायचा सडक्या फळांवर, यीस्ट, बुरशी नि जिवाणूंच्या गर्दीत. आपल्यासारख्या अँटिबॉडी यांच्याकडे नाहीत. पण अंगात बुरशी शिरली की पोटातल्या चरबीच्या पेशी कामाला लागतात आणि ड्रॉसोमायसिन नावाचं प्रथिन रक्तात ओततात. जेमतेम 44 अमिनो आम्लांची साखळी. रक्तातलं तिचं प्रमाण 100 मायक्रोमोलरपर्यंत चढतं. आकडा गरीब दिसतो, म्हणून मी पाठकोऱ्या कागदावर हिशेब मांडला. शून्यं मोजताना दोनदा चुकलो. उत्तर आलं 6 लाख कोटी रेणू! जगातल्या 8 अब्ज माणसांना वाटले, तर डोई 750. एका चिलटाच्या रक्तातून. आणि हे फक्त एक प्रथिन, जिवाणूंसाठीची वेगळीच. 2001 साली चिलटाची 13 हजारांवर जनुकं तपासली, तेव्हा संसर्गानंतर त्यांतल्या 400 जनुकांचं काम वाढलेलं किंवा मंदावलेलं दिसलं.

ड्रॉसोमायसिनचा नळ सोडणाऱ्या जनुकाचं नाव टोल. टोलनाक्याशी संबंध नाही. जर्मनमध्ये ‘टोल’ म्हणजे आपलं ‘भन्नाट’! 1996 साली फ्रान्समधल्या स्ट्रासबुर्गला ब्रुनो लमेत्र, ज्यूल हॉफमान आणि सहकाऱ्यांनी टोल बिघडलेल्या चिलटांना अ‍ॅस्परजिलस बुरशीचा संसर्ग केला. दोन-तीन दिवसांत चिलटं मेली. त्यांतल्या एकाचा इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकातला फोटो प्रसिद्ध आहे: अंग फोडून बाहेर आलेले बुरशीचे धागे, पावसाळ्यात विसरलेल्या पावावर येतात तसे. या बुरशीचा बीजाणू 2-3 मायक्रॉनचा. चिलटाच्या लांबीइतकी रांग लावायची तर असे हजारभर लागतील.

आपणही या बुरशीचे शेकडो बीजाणू रोज श्वासातून आत घेतो. टोलची चुलत भावंडं म्हणावीत अशी 10 जनुकं माणसातही सापडली आहेत. चिलटांवरच्या या कामासाठी हॉफमान यांना 2011 चं नोबेल मिळालं.