पडद्यावरचे घर कोण बांधतो?

आपण सिनेमा पाहतो. पडद्यावर एक जुने घर दिसते. भिंतीला ओल आली आहे. चुलीमागची भिंत धुराने काळी झाली आहे. उंबरा मधोमध झिजला आहे. आपल्याला वाटते, हे कुणाचे तरी राहते घर असेल. पण पुष्कळदा ते घर मुद्दाम उभारलेले असते. ती ओल आणि ती काजळी रंगाची असते!

हे काम करणाऱ्याला कलादिग्दर्शक म्हणतात. सिनेमा असो की टेलिव्हिजनची मालिका, त्याच्यावाचून चालत नाही. गोष्ट कोणत्या काळातली, घर गरिबाचे की सावकाराचे, हे तो आधी समजून घेतो. मग नकाशा काढतो. सुतार लाकडी चौकटी करतात. त्यांवर फळ्या ठोकून भिंती करतात. रंगारी त्या नव्या भिंती जुन्या करतात. एखादी भिंत काढता-घालता येईल अशी ठेवतात. नाहीतर कॅमेरा आत कसा जाणार?

या कामात नाव मिळवलेल्या एका कारागिराची हकिगत आम्ही येथे सांगतो. त्यांचे नाव बन्सी चंद्रगुप्त. त्यांचा जन्म 1924 साली सियालकोटला झाला. बालपण काश्मीरात गेले. चित्रकलेच्या ओढीने ते कलकत्त्याला आले आणि सिनेमाच्या कामात शिरले. पुढे ज्याँ रेन्वार नावाचे फ्रेंच दिग्दर्शक 'द रिव्हर' हा चित्रपट काढायला बंगालात आले. त्यांच्या कलादिग्दर्शकाच्या हाताखाली चंद्रगुप्त बरेच शिकले.

त्यांचे मित्र सत्यजित राय यांनी 'पथेर पांचाली' हा चित्रपट काढायला घेतला. गोष्ट एका गरीब कुटुंबाची. त्यासाठी कलकत्त्याजवळच्या एका गावात एक पडके घर भाड्याने घेतले. चंद्रगुप्तांनी ते गोष्टीजोगे करून घेतले. मध्येच पैसे संपले. काम महिनोन्महिने बंद पडले. तरी मंडळींनी हाय खाल्ली नाही. 1955 साली चित्रपट पुरा झाला आणि जगभर गाजला.

पुढच्याच वर्षी 'अपराजितो' आला. त्यात काशीचे एक घर आहे. मध्ये चौक, भोवती खोल्या. पावसाळ्यात काम अडेल म्हणून ते घर कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधले. पण अडचण आली. खऱ्या चौकात उजेड आभाळातून खाली येतो. तो मऊ असतो. स्टुडिओतल्या दिव्यांनी मात्र गडद सावल्या पडतात. मग काय केले? चौकावर मांडवासारखे पांढरे कापड ताणले. कॅमेरा चालवणारे सुब्रत मित्र यांनी दिव्यांचा झोत खालून त्या कापडावर टाकला. कापडावरून तो उजेड मऊ होऊन खाली उतरला. कापडाचे आभाळ झाले! पाहणाऱ्यांना ते काशीचेच घर वाटले.

1966 सालच्या 'नायक' चित्रपटासाठी चंद्रगुप्तांनी स्टुडिओत आगगाडीचा डबा उभा केला. पुढे मुंबईत त्यांनी 'चक्र' या हिंदी चित्रपटाचे काम केले. जयवंत दळवी यांच्या मराठी कादंबरीवरचा हा चित्रपट झोपडपट्टीतल्या माणसांचा आहे. चंद्रगुप्त 1981 साली वारले. 'चक्र'च्या कलादिग्दर्शनासाठी फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, ते त्यांच्या पश्चात.

कुणी म्हणेल, एवढी यातायात कशाला? तर पाहा. गरिबाची झोपडी पडद्यावर झकपक दाखवली, तर गरिबी फार जाचत नाही असे पाहणाऱ्याला वाटेल. गरिबाचे दुःख खोटे ठरेल. म्हणून भिंत लाकडाची असली तरी चालते, पण तिच्यावरचा डाग खरा वाटला पाहिजे.

हे ज्ञान नुसत्या पुस्तकातून येत नाही. पाणी भरणाऱ्या बाईची घागर कुठे टेकते, कंदील कोणत्या खुंटीला लागतो, म्हातारा कोणत्या खांबाला पाठ लावून बसतो, हे डोळे उघडे ठेवून पाहावे लागते. तुमच्या-आमच्या घरांकडे असे निरखून पाहिले, म्हणजे मग पडद्यावरचे घर उभे राहते.