अपघाताचा दावा आणि पुराव्याचें वजन

एखादा सुतार सायकलीवरून कामास निघाला, मागून येणाऱ्या मालमोटारीनें त्याला धक्का दिला आणि त्याचा डावा हात मनगटापासून गेला, असा प्रसंग आपण कल्पूं. गेलेला हात परत देण्याचें सामर्थ्य कोणत्याहि न्यायासनाला नाहीं. मोटार वाहन कायदा, १९८८, याच्या १६८ व्या कलमानें न्यायाधिकरणावर एवढेंच सोपविलें आहे कीं, त्यास न्याय्य वाटेल ती भरपाई त्यानें ठरवावी. परंतु न्याय्य म्हणजे किती, हें पुराव्यावरून ठरतें. आणि तो पुरावा कसा तोलला जातो याविषयीं लोकांत बरेच गैरसमज आहेत.

पहिला गैरसमज असा कीं, चालक फौजदारी खटल्यांतून सुटला म्हणजे दावाहि बुडाला. तसें नाहीं. फौजदारी न्यायालय शिक्षा देतें, म्हणून तेथें गुन्हा वाजवी संशयापलीकडे सिद्ध व्हावा लागतो. न्यायाधिकरण पाहतें तें एवढेंच, कीं दोन हकीकतींपैकीं अधिक संभवनीय कोणती. चालकाची निर्दोष सुटका दाव्याच्या आड येत नाहीं, हें सर्वोच्च न्यायालयानें १९८० सालींच स्पष्ट केलें आहे.

संभवनीयता ठरविण्यास पंचनामा फार उपयोगी पडतो. चाकें घसरल्याच्या खुणा कोठें आहेत, काचांचा चुरा रस्त्याच्या कोणत्या बाजूस पडला, गाडी कोठें चेपली, या मुक्या गोष्टी पुष्कळदां साक्षीदारापेक्षां अधिक बोलतात. फिर्याद उशिरां दिली एवढ्यावरूनच दावा खोटा ठरत नाहीं. जखमीचे आप्त आधीं रुग्णालयाकडे धांवतात, पोलीस ठाण्याकडे नव्हे, हा मनुष्यस्वभाव न्यायालयांनीं ओळखला आहे. उलट, चालकानें साक्षीस येण्याचेंच टाळलें, तर त्याच्याविरुद्ध अनुमान काढतां येतें.

दुसरा गैरसमज अधिक घातक आहे. डॉक्टरच्या दाखल्यावरील अपंगत्वाचा आंकडा म्हणजेच कमाईची हानि, असें अनेकांस वाटतें. दाखला शरीराचें माप सांगतो, पोटाचें नव्हे. डावा हात गेला असतां सरकारी कचेरींतील कारकुनाची नोकरी टिकूं शकेल. सुताराचा मात्र धंदाच बुडेल. हाच भेद सर्वोच्च न्यायालयानें २०१० सालीं दाखविला, आणि जखमी मनुष्य पूर्वीं कोणतें काम करी व आतां कोणतें करूं शकेल, हें पाहूनच हानि ठरवावी, असें सांगितलें. ज्यानें उपचार केले नाहींत अशा डॉक्टरचा आयता दाखला उलटतपासणीवांचून स्वीकारूं नये, हाहि इशारा त्यांतच आहे.

प्रत्यक्ष हिशेब पाहूं. आपला सुतार २८ वर्षांचा असून महिना १५,००० रुपये मिळवितो असें धरूं. म्हणजे वर्षाचे १,८०,००० झाले. या वयास गुणक १७ आहे. कमाईची हानि शेंकडा ३० धरली, तर रक्कम ९,१८,००० होते. शेंकडा ६० सिद्ध झाली, तर १८,३६,०००. भावी उत्पन्नवाढ, औषधोपचार व वेदना यांची भरपाई निराळी. केवळ एका मुद्द्याच्या पुराव्यावर नऊ लाखांचा फरक पडला!

आतां, सुताराजवळ पगाराचा कागद कोठून असणार? येथेंहि न्यायाधिकरण हटवादी नसतें. गिऱ्हाइकांची साक्ष, बँकेचें पुस्तक, निदान सरकारनें ठरविलेलें किमान वेतन, यांवरून तें उत्पन्नाचा अंदाज बांधतें. परंतु अंदाजालाहि कांहीं आधार लागतो. केवळ दया ही पुराव्याची जागा घेऊं शकत नाहीं.

म्हणून घरीं असा प्रसंग ओढवल्यास औषधांच्या पावत्या व रुग्णालयाचे कागद जपून ठेवावे, डोळ्यांदेखत अपघात पाहिलेल्यांचीं नांवें टिपावीं, आणि उपचार करणाऱ्या डॉक्टरलाच साक्षीस बोलवावें. दुःखाच्या घटकेस हें सुचत नाहीं, हें खरें. पण कायदा कितीहि उदार असला, तरी त्याच्या तराजूंत कांहींतरी टाकावें लागतें, आणि तें टाकण्याचें काम आपलेंच असतें.