विश्लेषण : ‘सायबर हल्ला’ नेमका कशाला म्हणायचे? हल्ला आणि फसवणूक यांतील फरक खातेदारासाठी महत्त्वाचा का?

व्हॉट्सअॅपवर आलेली फाइल उघडली आणि खात्यातील पैसे गेले, तरी बातमी ‘सायबर हल्ल्या’ची. सरकारी संकेतस्थळ बंद पडले, बँकेचा सर्व्हर कोणी भेदला, निवृत्त शिक्षकाला ‘डिजिटल अटके’ची भीती घालून लुबाडले, तरीही शब्द तोच. बोलताना तो चालून जातो. मात्र बँक, पोलीस आणि कायदा या तिन्ही ठिकाणी या घटना वेगवेगळ्या रकान्यांत जातात. गेलेले पैसे परत मिळणार की नाही, हेही बऱ्याचदा त्या रकान्यावर ठरते.

वाशीमसारख्या शेतीप्रधान जिल्ह्यात हा प्रश्न थेट सातबाराधारकाच्या खात्याशी जोडलेला आहे. पंतप्रधान किसान सन्मान निधीचा अठरावा हप्ता ५ ऑक्टोबर २०२४ रोजी याच जिल्ह्यातील कार्यक्रमातून देशभरातील सुमारे ९ कोटी ४० लाख शेतकऱ्यांच्या खात्यांवर वर्ग झाला. हप्त्याची चर्चा सुरू झाली की ‘पीएम किसान’च्या नावाच्या बनावट फाइलही मोबाइलवर फिरू लागतात. त्याबद्दल पोलीस आणि सायबर यंत्रणांनी वेळोवेळी इशारे दिले आहेत.

हा शब्द आला कुठून?

‘सायबर’चे मूळ ग्रीक भाषेत आहे. जहाजाचे सुकाणू धरणारा, या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून गणितज्ञ नॉर्बर्ट वीनर यांनी १९४८ मध्ये ‘सायबरनेटिक्स’ हे नाव रूढ केले. यंत्र आणि सजीव यांच्यातील नियंत्रण आणि संदेशवहनाचा अभ्यास, असा त्याचा अर्थ. पुढे १९८० च्या दशकात विल्यम गिब्सन या लेखकाने ‘सायबरस्पेस’ हा शब्द लोकप्रिय केला आणि ‘सायबर’ संगणकांच्या जाळ्याला चिकटला.

‘हल्ला’ मात्र मराठीत मुरलेला. हिंदीत हल्ला म्हणजे गोंगाट. आक्रमणासाठी तिथे ‘हमला’ वापरतात. मराठीत हल्ला म्हटले की कोणीतरी ठरवून चालून आले, हा अर्थ आपोआप येतो. ‘सायबर हल्ला’ या जोडशब्दाची कसोटीही तीच : संगणक, मोबाइल, सर्व्हर किंवा नेटवर्क यांवर कोणीतरी जाणूनबुजून, परवानगीशिवाय केलेली चाल. तिचा हेतू आत घुसणे, माहिती पळवणे, ती बदलणे किंवा यंत्रणा बंद पाडणे यांपैकी काहीही असू शकतो. वीज गेल्याने सर्व्हर बंद पडला, कर्मचाऱ्याच्या चुकीने माहिती पुसली गेली, तर तो बिघाड. त्याला हल्ला म्हणता येत नाही.

हल्ला, घुसखोरी, हॅकिंग यांत फरक काय?

घुसखोरी म्हणजे आत शिरणे. प्रत्येक हल्ल्यात घुसखोरी असतेच असे नाही. एखाद्या संकेतस्थळावर हजारो संगणकांवरून एकाच वेळी विनंत्यांचा भडिमार करून ते बंद पाडतात, त्याला ‘डीडॉस’ म्हणतात. बाजार समितीच्या फाटकावर रिकाम्या गाड्यांची रांग लावून माल घेऊन आलेल्या शेतकऱ्याची वाट अडवावी, तसा हा प्रकार. आत कोणीच शिरत नाही, चोरीही होत नाही; पण कामकाज ठप्प होते.

उलट काही घुसखोर आत शिरून महिनोन्महिने गप्प बसतात आणि माहिती बाहेर नेत राहतात. ‘रॅन्समवेअर’मध्ये संगणकातील फाइलना कुलूप घातले जाते आणि किल्लीसाठी खंडणी मागितली जाते. ‘फिशिंग’मध्ये खोटा संदेश किंवा दुवा पाठवून समोरच्याकडूनच पासवर्ड काढून घेतला जातो. संकेतस्थळाचे मुखपृष्ठ बदलून घोषणा लिहिणे, म्हणजे विद्रूपीकरण, हाही हल्लाच. त्याचे नुकसान सहसा प्रतिष्ठेपुरते असते.

‘हॅकिंग’ या शब्दाचा प्रवास आणखी वेगळा. अमेरिकेतील एमआयटी संस्थेतील विद्यार्थ्यांमध्ये तो सुरुवातीला कल्पक तांत्रिक करामतीसाठी वापरला जात असे. भारताच्या माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० मध्ये कलम ६६ चे शीर्षकच हॅकिंगचे होते. २००८ च्या दुरुस्तीने, जी २७ ऑक्टोबर २००९ पासून लागू झाली, तो शब्द काढून ‘संगणकाशी संबंधित गुन्हे’ अशी व्यापक रचना केली. म्हणजे बातम्यांत रोज दिसणारा हा शब्द त्या कलमातून केव्हाच गेला आहे.

कायदा ‘सायबर हल्ला’ कसा ओळखतो?

‘सायबर हल्ला’ या नावाचा वेगळा गुन्हा माहिती तंत्रज्ञान कायद्यात नाही. परवानगीशिवाय संगणकात प्रवेश करणे, विषाणू सोडणे, माहितीची नक्कल करणे, सेवा अडवणे या कृती कलम ४३ मध्ये मोजल्या आहेत. त्या अप्रामाणिकपणे किंवा कपटाने केल्या तर कलम ६६ नुसार तीन वर्षांपर्यंत कैद, पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. दुसऱ्याचा पासवर्ड किंवा डिजिटल ओळख वापरणे ६६ क मध्ये, तर संगणक साधनाद्वारे तोतयेगिरी करून फसवणे ६६ ड मध्ये येते. देशाच्या सुरक्षेला धोका पोहोचवणारी सायबर दहशतवादाची कृती ६६ फ खाली येते आणि तिला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे.

सरकारी यंत्रणा ‘सायबर घटना’ हा शब्द पसंत करतात. देशाची संगणकीय आपत्कालीन प्रतिसाद यंत्रणा ‘सर्ट-इन’ हिच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार कंपन्या, सेवा पुरवठादार आणि सरकारी कार्यालयांनी अशी घटना लक्षात आल्यापासून सहा तासांत कळवणे बंधनकारक आहे. घटना कळवताना ती हल्ला होती की बिघाड, हे ठरलेले असावेच असे नाही. ते तपासात ठरते.

महाराष्ट्राने कोणते हल्ले पाहिले?

सर्वांत ठळक उदाहरण पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेचे. ऑगस्ट २०१८ मध्ये हल्लेखोरांनी एटीएम व्यवहारांना मंजुरी देणाऱ्या यंत्रणेच्या जागी बनावट यंत्रणा उभी केली. कार्ड घातले की मंजुरीची विनंती खऱ्या बँकेकडे जाण्याऐवजी या बनावट यंत्रणेकडे जाई आणि ती ‘हो’ म्हणे. ११ ऑगस्ट रोजी २८ देशांतील एटीएममधून काही तासांत पैसे काढले गेले. १३ ऑगस्ट रोजी ‘स्विफ्ट’ यंत्रणेतून सुमारे १३ कोटी ९२ लाख रुपये हाँगकाँगच्या एका बँक खात्यात वळवले गेले. एकूण नुकसान सुमारे ९४ कोटी ४२ लाख रुपयांचे. खातेदारांच्या ठेवी सुरक्षित असल्याचे बँकेने तेव्हा स्पष्ट केले होते. २०२३ मध्ये पुण्यातील न्यायालयाने या प्रकरणात ११ जणांना दोषी ठरवले. हा शब्दाच्या पूर्ण अर्थाने हल्ला होता : एकाही खातेदाराने ओटीपी सांगितला नव्हता, तडा बँकेच्या यंत्रणेला गेला होता.

त्याआधी जून २०१७ मध्ये ‘पेट्या’ या नावाने गाजलेल्या विषाणूचा फटका जवाहरलाल नेहरू बंदरातील एका टर्मिनलला बसला. नेम तिथे धरलेला नव्हता. टर्मिनल चालवणारी जागतिक कंपनी त्या लाटेत सापडली होती. मार्च २०२१ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाच्या संगणक यंत्रणेवर रॅन्समवेअरचा हल्ला झाला आणि ऑनलाइन कामे अडली.

शब्द घाईने वापरला तर काय होते?

१२ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबई आणि परिसराची वीज काही तास गेली. पुढे मार्च २०२१ च्या सुरुवातीला, चीनशी संबंधित गटाने भारतीय वीज यंत्रणेला लक्ष्य केल्याचा अमेरिकी कंपनीचा अहवाल प्रसिद्ध झाला. तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांनी सायबर घातपाताची शक्यता दर्शवणाऱ्या राज्याच्या अहवालाचा उल्लेख केला. केंद्रीय ऊर्जामंत्री आर. के. सिंह यांनी मात्र वीज जाण्यामागे मानवी चूक असल्याचे सांगितले. एकच घटना, दोन सरकारे आणि दोन शब्द. यंत्रणेत विषाणू सापडणे आणि त्या विषाणूमुळेच वीज जाणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दुसरी सिद्ध होईपर्यंत पहिलीवरून निष्कर्ष काढता येत नाही.

आकड्यांचेही तसेच. मे २०२५ मध्ये पहलगाम हल्ल्यानंतरच्या काळात देशावर सुमारे १५ लाख सायबर हल्ले झाल्याचे ‘महाराष्ट्र सायबर’ने आपल्या अहवालात म्हटले. त्यांतील यशस्वी ठरले केवळ १५०. कुळगाव-बदलापूर नगर परिषदेच्या संकेतस्थळाचे विद्रूपीकरण हे त्यांपैकी एक. पहिला आकडा वाचून घबराट होते, दुसरा वाचून दिलासा मिळतो, आणि दोन्ही एकाच अहवालातील आहेत. दाराची कडी वाजवून पाहण्याचा प्रत्येक प्रयत्नही ‘हल्ला’ म्हणून मोजला जातो. त्यामुळे ‘किती झाले’ यासोबत ‘किती आत शिरले’ हेही वाचायला हवे.

धोका फक्त मोठ्या यंत्रणांनाच आहे का?

नाही. वाशीमच्या शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यातील प्रकरण बोलके आहे. आर्णी तालुक्यातील शेंदुरसनी हे जेमतेम दीड हजार वस्तीचे गाव. २०२५ च्या अखेरीस असे उघड झाले, की या ग्रामपंचायतीच्या नावावर नागरी नोंदणी प्रणालीत तीन महिन्यांत २७ हजारांहून अधिक जन्मनोंदी झाल्या आहेत. ग्रामपंचायतीच्या लॉगिनचा गैरवापर झाल्याचा संशय पुढे आला, गुन्हा नोंदवला गेला आणि विशेष तपास पथक नेमले गेले.

एक ग्रामपंचायत, एक लॉगिन आणि एक पासवर्ड हातात आला तर राष्ट्रीय नोंदवहीत काय घडू शकते, याचा हा धडा. ‘आपल्या कार्यालयात चोरण्यासारखे आहे काय?’ हा प्रश्न म्हणूनच फसवा आहे. पासवर्ड कागदावर लिहून संगणकाला चिकटवणे, एकच लॉगिन चौघांनी वापरणे, ओटीपी दुसऱ्याच्या मोबाइलवर येऊ देणे या सवयी अनेक कार्यालयांत सापडतील.

बनावट एपीके फाइल : हल्ला की फसवणूक?

दोन्ही. ‘पीएम किसान यादी’, ‘वाहन चलन’, ‘लग्नपत्रिका’ अशा नावाने आलेली ‘एपीके’ फाइल म्हणजे छायाचित्र किंवा कागद नव्हे, तर मोबाइलमध्ये बसवायचे अॅप असते. ते बसवताना संदेश वाचण्याची परवानगी मागते. ती मिळाली की बँकेचा ओटीपी मालकाच्या आधी चोराला दिसतो. फाइल उघडायला लावणे ही फसवणूक. उघडल्यानंतर मोबाइलमध्ये जे घडते तो हल्ला.

‘डिजिटल अटक’ मात्र वेगळी. तिथे कोणी मोबाइल भेदत नाही. खोट्या गणवेशात व्हिडीओ कॉल करून माणसाला घाबरवले जाते आणि तो स्वतःच्या हाताने पैसे पाठवतो. अशा अटकेची तरतूद कोणत्याही कायद्यात नाही.

पैसे परत मिळण्याशी या फरकाचा संबंध काय?

रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने अनधिकृत ऑनलाइन व्यवहारांतील खातेदाराची जबाबदारी निश्चित केली. सहकारी बँकांसाठी तशीच चौकट डिसेंबर २०१७ मध्ये आली. तिचे सार तीन ओळींत सांगता येते.

दोष बँकेचा असेल तर खातेदाराचे नुकसान शून्य.

दोष ना बँकेचा ना खातेदाराचा, तर तिसऱ्याच ठिकाणी यंत्रणा भेदली गेली असेल, तर बँकेचा संदेश मिळाल्यापासून तीन कामकाजी दिवसांत तक्रार केल्यास नुकसान शून्य. चार ते सात दिवसांत केल्यास ते मर्यादित. साध्या बचत खात्यासाठी ही मर्यादा एका व्यवहारामागे १० हजार रुपये. त्यानंतर बँकेच्या धोरणानुसार.

खातेदाराने स्वतः ओटीपी किंवा पिन सांगितला असेल, तर तक्रार करेपर्यंतचे नुकसान त्याचे. तक्रारीनंतरचे बँकेचे.

यातील महत्त्वाचा भाग अनेकांना ठाऊक नसतो : चूक खातेदाराची होती, हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर आहे. एपीके प्रकरणांत वाद होतो तो इथेच. खातेदाराने ओटीपी कोणालाही सांगितलेला नसतो. तो फाइलने चोरलेला असतो. पण घाबरून गेलेला माणूस तक्रारीत ‘माझ्याकडून ओटीपी गेला’ असे लिहून देतो आणि स्वतःच स्वतःला तिसऱ्या रकान्यात बसवतो. म्हणून तक्रारीत जे घडले तेच, क्रमाने लिहावे : कोणती फाइल आली, कोणत्या क्रमांकावरून, केव्हा उघडली, ओटीपी कोणाला सांगितला होता की नाही.

तक्रार कुठे आणि कशी करायची?

पहिले काम, मोबाइल ‘एअरप्लेन मोड’वर टाकून त्याचा संपर्क तोडणे. दुसऱ्या फोनवरून लगेच १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर आणि बँकेच्या अधिकृत क्रमांकावर कळवणे. पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, तिथून तिसऱ्यात फिरवले जातात; ते काढले जाण्यापूर्वी खाते गोठले तरच रक्कम वाचते. त्यामुळे पहिले तास मोलाचे. केंद्र सरकारच्या ‘सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन’ या संकेतस्थळावर किंवा जवळच्या पोलीस ठाण्यातही तक्रार करता येते.

बँकेला लेखी तक्रार देऊन पोच घ्यावी. संदेश, फाइलचे नाव आणि व्यवहार क्रमांक यांचे पुरावे जपावेत. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिले नाही किंवा ते समाधानकारक नसेल, तर योजनेत येणाऱ्या बँकांबाबत रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. त्यासाठी १४४४८ हा संपर्क क्रमांक आहे.

पीएम किसानचा हप्ता जमा होण्यासाठी व्हॉट्सअॅपवर आलेली कोणतीही फाइल उघडावी लागत नाही. ई-केवायसी अधिकृत संकेतस्थळावर, अधिकृत अॅपवर किंवा सेवा केंद्रात होते.