गोविंदराव टेंबे आणि पेटी

आमच्या दामाजीपंतांच्या मंगळवेढ्यांत भजनाला पेटी हवीच. पण तिला मैफलीचा मान मिळाला तो गोविंदराव टेंबे (१८८१–१९५५) यांच्यासारख्यांमुळें. भास्करबुवा बखले यांची साथ करतां करतां ते स्वतंत्र वादक झाले. १९११ सालीं ‘मानापमान’ नाटकास त्यांनीं चाली दिल्या. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ बोलपटास संगीत देऊन हरिश्चंद्राची भूमिकाहि केली.

पेटीचे स्वर ठरलेले; दोन स्वरांमधली मींड तींतून निघत नाहीं. भात्यावरील ताबा व बोटांची सफाई यांनीं गोविंदराव ही उणीव झांकीत. तथापि याच दोषास्तव ऑल इंडिया रेडिओनें १९४० सालीं पेटीस दार बंद केलें. तें किलकिलें झालें १९७१ सालीं, त्यांच्या मृत्यूनंतर सोळा वर्षांनीं. वाद्य उणें असलें तरी वादकानें उणें असूं नये, हाच त्यांच्या चरित्राचा बोध होय.